नटीची मजुरी आणि नटीचा मान



कामगार चळवळीत आयुष्य घातलेल्या माणसाने एका परदेशी नटीवर बोलावे, ह्याचे कोणाला नवल वाटले तर आम्ही त्याला दोष देणार नाही. नटी म्हटली की रेशमी वस्त्रे, दिव्यांचा लखलखाट आणि वृत्तपत्रांतली छायाचित्रे डोळ्यांपुढे येतात. कामगार म्हटला की भोंगा, पाळी आणि पगाराची चिठ्ठी. ह्या दोन जगांचा सांधा कोठेच जुळत नाही असे आपण धरून चालतो. पण तो जुळतो, आणि नेमका कोठे जुळतो हे जिच्या आयुष्यावरून दिसते अशी एक बाई स्पेन देशात होऊन गेली. तिचे नाव पिलार बार्देम. १९३९ साली त्या जन्मल्या, २०२१ साली वारल्या. आणि मधल्या आयुष्यातली पन्नासांहून अधिक वर्षे रंगभूमी, चित्रपट आणि दूरचित्रवाणी ह्या तिन्ही ठिकाणी त्यांनी काम केले.

आज आम्हांला एकाच प्रश्नाचा विचार करावयाचा आहे. एखादी नटी इतकी वर्षे टिकते, ती कशाच्या बळावर? प्रतिभेच्या, असे उत्तर चटकन दिले जाते. ते खोटे नाही; पण अपुरे आहे. पिलारबाईंच्या चरित्रातून आम्हांला जे उत्तर मिळाले तेच आपल्यापुढे ठेवीत आहोत.

त्यांचा जन्म १४ मार्च १९३९ रोजी सेविया शहरी झाला. ही तारीख लक्षात ठेवण्याजोगी आहे. स्पेनमधील यादवी युद्ध त्यानंतर अठराच दिवसांनी, १ एप्रिलला संपले आणि जनरल फ्रँकोची राजवट साऱ्या देशावर पसरली. म्हणजे ही मुलगी आणि ती हुकूमशाही जवळजवळ बरोबरीनेच वाढली. वडील राफाएल बार्देम आणि आई मातिल्दे मुन्योस साम्पेद्रो, दोघेही नट. मातिल्देच्या बहिणीही रंगभूमीवरच्याच. आज ह्या गावी, उद्या त्या गावी अशी बिऱ्हाडे पाठीवर घेऊन फिरणाऱ्या नाटकमंडळ्यांचे ते घराणे होते. अशा फिरत्या नटांना स्पॅनिश भाषेत 'कोमिको' म्हणतात. विनोद करो वा शोक करो, नट तो कोमिको. जुन्या काळी ह्या लोकांना चर्चच्या पवित्र भूमीत पुरूही देत नसत. जिवंतपणी टाळ्या वाजवावयाच्या आणि मेल्यावर वेशीबाहेर ठेवावयाचे, हा समाजाचा न्याय होता. पिलारबाईंना ह्या कुळाचा अभिमान होता. त्या स्वतःला कोमिकोंचीच लेक मानीत.

थोरले बंधू हुआन आंतोनिओ बार्देम हे चित्रपट-दिग्दर्शक. १९५५ साली त्यांचा 'सायकलस्वाराचा मृत्यू' हा चित्रपट कान महोत्सवात समीक्षकांच्या पारितोषिकाचा मानकरी ठरला. ते कम्युनिस्ट होते आणि फ्रँकोच्या राज्यात कम्युनिस्ट असणे हा गुन्हा होता. १९५६ साली पुढच्या चित्रपटाचे चित्रण चालू असताना पोलिसांनी त्यांना पकडून नेले. परदेशी चित्रपटसृष्टीतून ओरड झाली तेव्हा त्यांची सुटका झाली. त्या वेळी पिलार सोळा वर्षांच्या होत्या. कलावंताची कीर्ती त्याला तुरुंगापासून वाचवीत नाही, फार तर लवकर सोडवते, हा धडा त्यांना घरातच मिळाला. ज्याच्यासाठी ओरड करणारे कोणी नाही त्याचे काय होत असेल, हा पुढचा प्रश्न ज्याचा त्याने विचारावयाचा.

आता त्या काळी स्पेनमध्ये नट म्हणून पोट भरणे म्हणजे काय होते ते पाहू. १९४० च्या कायद्याने तेथील सगळ्या स्वतंत्र कामगार संघटनांच्या जागी एकच सरकारी संघटना आली. तिला 'उभी संघटना' म्हणत. उभी अशासाठी की तीत मालकही सभासद आणि नोकरही सभासद. वरपासून खालपर्यंत एकच उतरंड. नाटक-सिनेमावाल्यांसाठीही तिची एक शाखा होती. आम्ही वाटाघाटींना अनेकदा बसलो आहोत. टेबलाच्या दोन्ही बाजूंना एकच माणूस बसला तर करार कोणाच्या बाजूचा होईल, हे सांगावयास पंडित नको. संप हा गुन्हा होता. नाटकाचे आणि चित्रपटाचे संहितालेख आधी सरकारी परीक्षकाकडे जात. नाटकगृहांतून रोज दोन प्रयोग होत, एक संध्याकाळचा आणि एक रात्रीचा. आणि आठवड्याचे सातही दिवस. तालमींची मजुरी हा तर वादाचाच विषय होता.

ह्या व्यवसायात पिलारबाई साठ सालानंतर उतरल्या. त्यांच्या सुरुवातीच्या चित्रपटांपैकी एकाची हकिगत सांगण्यासारखी आहे. फेर्नांदो फेर्नान गोमेझ ह्या थोर नट-दिग्दर्शकाने १९६३ साली 'जग चालतेच आहे' अशा अर्थाच्या नावाचा एक चित्रपट केला. माद्रिदच्या एका गरीब घरातील दोन बहिणी, त्यांची ओढाताण, पैशापायी होणारी नासाडी असा त्याचा विषय. सरकारला देशाचे जे चित्र दाखवावयाचे होते त्यात हे घर बसत नव्हते. १९६५ साली तो बिल्बाओ शहरी कसाबसा लागला आणि दिसेनासा झाला. तो रीतसर पुन्हा लोकांपुढे यावयास २०१५ साल उजाडले. म्हणजे नव्या नटीने छोटीशी का होईना भूमिका करावी, आणि ती देशाने पन्नास वर्षांनी पाहावी! कारखान्यात तयार झालेला माल मालकाने गुदामात कुजविला तरी मजुराची त्या दिवसाची मजुरी तर सुटते. नटीची मजुरी सुटली तरी नाव बुडते. आणि नावावरच पुढचे काम मिळावयाचे असते.

त्या काळात त्या मोठ्या तारका झाल्या नाहीत. शेजारीण, मोलकरीण, आई, कुंटणखान्याची मालकीण अशा दुय्यम भूमिका त्यांच्या वाट्याला येत. चित्रपट चांगला असो वा टाकाऊ, आले ते काम घ्यावे लागे. नाटके करावी, दूरचित्रवाणीच्या नाट्यप्रयोगांत उभे राहावे, दोन-चार दिवसांचे चित्रीकरण करावे आणि पुढच्या बोलावण्याची वाट पाहावी असा संसार होता. पदरात कार्लोस, मोनिका आणि हाविएर ही तीन मुले. धाकटा हाविएर १९६९ चा. नवऱ्यापासून त्या वेगळ्या झाल्या आणि मुलांचा भार एकटीवर आला.

येथे तेव्हाचा कायदा सांगितला पाहिजे; नाहीतर 'वेगळ्या झाल्या' ह्या दोन शब्दांचे वजन कळणार नाही. स्पेनमध्ये १९७५ च्या मे महिन्यापर्यंत विवाहित स्त्रीला कामाचा करार करावयाचा, बँकेत खाते उघडावयाचे, तर नवऱ्याची संमती लागे. घटस्फोटाचा कायदा १९८१ साली झाला. त्याआधी वेगळी राहणारी स्त्री कायद्याने ना सधवा म्हणून सुखी, ना मोकळी. अशा बाईने नाटकात काम करून तीन मुले वाढविली, ही गोष्ट तिच्या कोणत्याही भूमिकेहून लहान नव्हती असे आम्हांस वाटते.

आणि त्याच १९७५ साली, फ्रँको जिवंत असताना, स्पेनच्या नटांनी संप केला. त्याआधी १९७२ च्या सुमारास त्यांनी आठवड्याची एक सुट्टी पदरात पाडून घेतली होती. आता मागण्या पुढे गेल्या होत्या : दिवसाला एकच प्रयोग, तालमींचा मोबदला, आणि नटांनी आपल्या सभेत निवडलेल्या अकरा जणांच्या समितीशी बोलणी. ह्यांतली तिसरी मागणी सरकारला सर्वांत झोंबली. पैसे वाढवून देता येतात. पण आमचे प्रतिनिधी आम्ही निवडू, हे मान्य केले की त्या उभ्या संघटनेचा पायाच निसटतो. ४ फेब्रुवारी १९७५ रोजी माद्रिदच्या नाटकगृहांचे पडदे उघडले नाहीत. संप आठवड्याहून अधिक चालला. पोलिसांनी काही नटनट्यांना अटक केली. त्यांत रोसियो दुर्काल ही देशभर गाजलेली गायिका-नटी होती आणि तीना साइन्स ही तरुण नटीही होती. दंड झाले, दहशतवाद्यांशी संबंध असल्याचे बालंट आले. आणि तरीही ज्यांचे नाव जाहिरातीत मोठ्या अक्षरांत छापले जाई ते, ज्यांचे नाव छापलेच जात नसे त्यांच्या शेजारी उभे राहिले. आमच्या मते ह्या संपाची खरी कमाई ती. कारण तारकेला तालमीच्या मजुरीवाचून अडत नाही. अडते ते दोन वाक्ये बोलणाऱ्याचे.

त्याच वर्षी २० नोव्हेंबरला फ्रँको मेला. १९७८ साली नवी राज्यघटना आली आणि तीत संघटनेचा व संपाचा हक्क लिहिला गेला. १९८५ साली नट आणि इतर कलावंत ह्यांच्या नोकरीचे स्वतंत्र नियम झाले. १९८६ साली माद्रिदमध्ये नटांची संघटना उभी राहिली. १९८७ च्या कायद्याने नटाने वठविलेल्या कामावर नटाचाही हक्क आहे हे मान्य केले. ह्या सालांची यादी रुक्ष आहे खरी. पण इतिहास अशाच रुक्ष यादीने पुढे सरकतो.

पिलारबाईंचे नाव खऱ्या अर्थाने झाले ते पन्नाशी ओलांडल्यावर. ज्या वयात चित्रपटवाले नटीला घरी बसवितात त्या वयात त्यांना त्यांच्या ताकदीच्या भूमिका मिळू लागल्या. १९९५ साली आगुस्तीन दिआस यानेस ह्या दिग्दर्शकाचा पहिलाच चित्रपट आला. त्याचे नाव मोठे विलक्षण आहे. 'आम्ही मेल्यावर आमच्याविषयी कोणी बोलणार नाही' असा त्याचा अर्थ. आणि मूळ भाषेत तो 'आम्ही' स्त्रीलिंगी आहे. त्यात ग्लोरिया नावाची एक फसलेली, दारूत बुडालेली तरुणी आहे. तिचा नवरा बैलाशी झुंजणारा, पण झुंजीत जखमी होऊन निपचित पडलेला. तिची सासू दोन्या हुलिया, ही भूमिका पिलारबाईंची. ही सासू जुनी शिक्षिका आहे. युद्धानंतर तुरुंगात तिने छळ सोसला आहे आणि आता शिकवण्या करून घर चालवीत आहे. ती सुनेला उपदेशाचे डोस पाजीत नाही. ती तिला अभ्यासाला बसविते, परीक्षेला बसावयास लावते. शिकलीस तर कोणाच्या पायाशी बसावे लागणार नाही, हा तिचा एकच मंत्र. आम्ही स्वतः दिवसा काम करून रात्री दिव्याखाली शिकलेले. पुस्तक हाती देणारे माणूस आयुष्यात केव्हा आणि कसे येते हे आम्ही जाणतो. तेव्हा ह्या सासूबाईंविषयी आम्ही तटस्थपणे बोलू शकणार नाही, हे आपण समजून घ्याल.

१९९६ च्या जानेवारीत 'गोया' पुरस्कारांचा समारंभ झाला. स्पेनच्या चित्रपट-अकादमीचे हे पुरस्कार १९८७ पासून दिले जातात. दोन्या हुलियासाठी पिलारबाईंना दुय्यम भूमिकेचा पुरस्कार मिळाला, आणि त्याच रात्री दुसऱ्या एका चित्रपटासाठी प्रमुख नटाचा पुरस्कार त्यांच्या धाकट्या मुलाला, हाविएरला मिळाला. पुढच्याच वर्षी, १९९७ साली, आल्मोदोवार ह्यांच्या 'थरथरता देह' ह्या चित्रपटाच्या आरंभी त्या दिसल्या. १९७० ची रात्र, देशात आणीबाणी, रस्ते ओस, आणि रिकाम्या बसमध्ये एक तरुणी बाळंत होते. तिचे बाळंतपण करणारी कुंटणखान्याची मालकीण म्हणजे पिलारबाई. प्रसंग काही मिनिटांचा आहे. पण पाहणारा तो विसरत नाही. २००४ साली 'प्रिय मारिया' ह्या चित्रपटात त्यांनी मारिया सांब्रानो ह्या तत्त्वचिंतक स्त्रीची भूमिका केली. युद्धानंतर देश सोडून जावे लागलेली ही विदुषी पंचेचाळीस वर्षांनी, १९८४ साली, परतली होती. बाईयादोलिद महोत्सवात पिलारबाईंना त्या कामासाठी उत्कृष्ट नटीचे पारितोषिक मिळाले. तेव्हा त्या पासष्ट वर्षांच्या होत्या. पुढे दूरचित्रवाणीच्या 'वादळी दिवसांतले प्रेम' ह्या गाजलेल्या मालिकेत त्या घरोघरी पोचल्या; आणि ती मालिकाही युद्धाच्या व युद्धानंतरच्या त्याच काळावरची.

येथवर आलेली कोणतीही नटी आता सन्मान स्वीकारीत स्वस्थ बसली असती. पिलारबाई बसल्या कोठे? एका संस्थेच्या अध्यक्षपदाच्या खुर्चीवर. नट, नर्तक आणि आवाज देणारे कलावंत ह्यांच्या हक्कांचे पैसे गोळा करून त्यांना वाटणारी 'आइस्खे' नावाची संस्था स्पेनमध्ये आहे. १९९० पासून ती काम करते. पिलारबाई तिच्या सुमारे पंधरा वर्षे, २०१८ पर्यंत, अध्यक्षा होत्या.

हे पैसे कसले, असे आपल्यापैकी कोणी विचारील. गिरणीत विणलेले लुगडे दहादा विकले गेले तरी विणकराला दहादा मजुरी मिळत नाही. मग नटाला का मिळावी? प्रश्न रास्त आहे आणि त्याला उत्तर आहे. लुगडे एकीच्या अंगावर गेले की दुसरीला नेसता येत नाही. चित्रपट तसा नाही. आज दाखविला, दहा वर्षांनी दाखविला, दर वेळी वाहिनी जाहिराती घेते, दर वेळी नवा पैसा येतो. आणि दर वेळी जे विकले जाते ते त्या नटाचा चेहरा आणि त्याचा आवाज हेच असते. धंदा पुन्हा पुन्हा होणार असेल तर ज्याचे श्रम पुन्हा पुन्हा विकले गेले त्याचाही त्यात वाटा हवा. एवढाच हा सिद्धान्त. त्यात मेख अशी की एकट्या नटाला हा वाटा मागता येत नाही. कोणत्या वाहिनीने कोणत्या रात्री आपला चाळीस वर्षांपूर्वीचा चित्रपट दाखविला, हे म्हातारा नट कोठून शोधणार? ती मोजदाद संस्थाच करू शकते, आणि पैसाही संस्थाच वसूल करू शकते. ह्याच संस्थेच्या प्रतिष्ठानातर्फे गरजू, आजारी, वृद्ध कलावंतांना मदतही केली जाते.

ह्या प्रतिष्ठानाने नटांच्या परिस्थितीची पाहणीही केली. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत असे दिसले की केवळ अभिनयावर पोट भरू शकणारे नट शंभरांत सुमारे आठच आहेत. बाकीचे हॉटेलात वाढतात, दुकानात उभे राहतात, शिकवण्या करतात आणि बोलावण्याची वाट पाहतात. पडद्यावरच्या लखलखाटामागे एवढा काळोख आहे हे आकड्यांनी सिद्ध करणे, ही आमच्या दृष्टीने मोठीच कामगिरी होय. तक्रार कोणीही करतो. आकडा मांडला की समोरच्याला उत्तर द्यावे लागते.

पिलारबाई भिडस्त मुळीच नव्हत्या. २००३ साली इराकवर युद्ध लादले जात असताना स्पेनच्या सरकारने त्या युद्धाची बाजू घेतली. लोकमत उलट होते. १ फेब्रुवारीच्या गोया समारंभात कलावंत 'युद्ध नको' अशा चकत्या छातीवर लावून आले. ह्या चळवळीतल्या कलावंतांच्या व्यासपीठात पिलारबाई आघाडीला होत्या. १५ फेब्रुवारीला माद्रिदचे रस्ते माणसांनी फुलून गेले. विरोधकांनी ह्या नटमंडळींना एक जुनी शिवी दिली, 'बाहुल्या नाचविणारे'. म्हणजे ज्यांना एके काळी पवित्र भूमीत पुरत नसत, त्यांनी देशाच्या कारभारावर बोलू नये, हाच भाव पुन्हा वर आला. नटाने हसवावे, रडवावे. मत देऊ नये. हीच भाषा आम्हीही ऐकली आहे. कामगाराने माग चालवावा. राजकारण करू नये. बोलणारा बदलतो, वाक्य तेच राहते.

२००८ च्या फेब्रुवारीत हाविएर बार्देमला अमेरिकेत ऑस्कर मिळाले. स्पॅनिश नटाला अभिनयासाठी मिळालेले ते पहिलेच. आई समोर बसली होती. त्याने अर्धे भाषण इंग्रजीत करून उरलेले मातृभाषेत केले आणि ते पारितोषिक आईला, तिच्या आजीआजोबांना, राफाएल आणि मातिल्दे ह्या तिच्या आईबापांना, आणि आईप्रमाणेच ह्या व्यवसायाला प्रतिष्ठा व अभिमान मिळवून देणाऱ्या स्पेनच्या कोमिकोंना अर्पण केले. जगातल्या सर्वांत श्रीमंत चित्रपट-नगरीत उभे राहून त्याने वेशीबाहेर पुरलेल्यांचे नाव घेतले. त्यानंतर वृत्तपत्रे पिलारबाईंना 'हाविएरची आई' म्हणू लागली. खरे तर तो पिलारचा मुलगा होता म्हणून ते भाषण तसे झाले.

१७ जुलै २०२१ रोजी माद्रिदमध्ये, फुफ्फुसांच्या विकाराने, वयाच्या ब्याऐंशीव्या वर्षी त्या गेल्या. माद्रिदजवळ रिव्हास नावाचे गाव आहे. सहकारी गृहनिर्माण संस्थांनी वाढविलेले हे गाव. तेथल्या सार्वजनिक नाट्यगृहाला पिलार बार्देम ह्यांचे नाव आहे. कोमिकोच्या लेकीला ह्याहून योग्य जागा आम्हांला सुचत नाही.

तेव्हा आमच्या प्रश्नाचे उत्तर असे. पिलारबाई टिकल्या त्या गुणांच्या बळावर, हे उघडच आहे. पण गुण त्यांच्या पिढीतल्या कित्येक नट्यांजवळ होते आणि त्यांची नावे आज कोणाला ठाऊक नाहीत. टिकण्यासाठी आठवड्याची सुट्टी लागते, तालमीची मजुरी लागते, नवऱ्याच्या सहीवाचून करार करता यावा लागतो, म्हातारपणी जुन्या कामाचा वाटा मिळावा लागतो. ह्यांतली एकही गोष्ट एकट्या प्रतिभेने मिळत नाही. ती कोणीतरी मागितली, कोणीतरी तिच्यासाठी तुरुंगात गेले, कोणीतरी कंटाळवाण्या बैठकींतून वर्षानुवर्षे तिचा पाठपुरावा केला. पिलारबाई स्वतः टिकल्या आणि मग मागे वळून, ज्यांना टिकता आले नाही त्यांचा हिशेब मांडावयास बसल्या. हे दुसरे काम त्यांनी केले नसते तरी त्या चांगल्या नटी म्हणून राहिल्या असत्याच. ते केले म्हणून आम्ही आज त्यांच्यावर बोललो.

आम्ही मेल्यावर आमच्याविषयी कोणी बोलणार नाही, असे त्या चित्रपटाचे नाव म्हणते. पिलार बार्देम ह्यांच्याविषयी लोक बोलतात, बोलतील. त्या पाहणीतल्या शंभरांतल्या ब्याण्णव जणांविषयी कोण बोलणार, हे मात्र अजून ठरावयाचे आहे.